बंगाली टायपिंग मी शिकलेच नाही, ते मला येतच होतं

लग्नाला तीन वर्षं झाली तरी कोलकात्याला सासूबाईंना, म्हणजे मांना, मी हिंदीतच मेसेज करायचे. मागच्या महिन्यात ठरवलं, आता बंगालीतून. नवऱ्याने लगेच लॅपटॉपवर अव्रो टाकून दिलं, म्हणजे इंग्रजी अक्षरांत उच्चार टाइप केला की बंगाली उमटवणारं सॉफ्टवेअर.

अव्रो गुणी आहे, वादच नाही. मेहदी हसन खान या मैमनसिंगच्या मेडिकलच्या विद्यार्थ्याने ते २६ मार्च २००३ला, बांगलादेशच्या स्वातंत्र्यदिनी आणलं, तेही फुकट. पण माझं त्याच्याशी जमेना. बंगालीत लिहायचं ‘कलकाता’ आणि म्हणायचं ‘कोलकाता’. अव्रोत ल नंतर ओ दाबायला विसरलं की ल आणि क एकमेकांना चिकटून ‘कल्काता’! बंगाली लिहायला आधी मनात इंग्रजी स्पेलिंग करायचं, हा कुठला द्राविडी प्राणायाम?

मग आठवलं, आपल्याला इन्स्क्रिप्ट येतं की. ऑफिसात मराठीसाठी शिकलेलं. (तेव्हा किती नावं ठेवली होती!) १९८६मध्ये सरकारने प्रमाण ठरवलेला हा कीबोर्डचा आराखडा बहुतेक भारतीय लिप्यांना जवळपास एकच आहे. विंडोजमध्ये बंगाली इन्स्क्रिप्ट निवडलं आणि डोळे मिटून दाबलं: के, एन, के, ई, एल, ई. मराठीत ‘कलकाता’ उमटतं त्याच सहा कळा. समोर बंगालीत कलकाता! मी खुर्चीतच उडाले.

गमती आहेतच. ‘भालो’ लिहिताना ओकाराची एकच कळ दाबायची, पण ल च्या डावीकडे एक तुकडा आणि उजवीकडे दुसरा येतो. पहिल्यांदा वाटलं काहीतरी बिघडलं. आणि व वेगळा नाहीच, ब वरच भागवायचं. बोट मात्र सवयीने व कडे जातं. माझी ‘विद्या’ तिथे लिहायला ‘बिद्या’ आणि म्हणायला ‘बिद्दा’.

म्हणून सांगते, मराठी इन्स्क्रिप्ट येत असेल तर बंगालीसाठी अव्रोसारख्या फोनेटिकच्या मागे लागूच नका. लिपी तेवढी ओळखीची करून घ्या, बोटांना बाकीचं माहीत आहे.

पहिला मेसेज दिमाखात पाठवला, ‘आमी भालो आछी’. मा निवृत्त शिक्षिका. दोन मिनिटांत उत्तर: ‘आमि. आछि. दोन्ही ह्रस्व.’

आता शेवटचा इकार दीर्घ लिहायची मराठी खोड कुठल्या कळेने जाते, ते नवऱ्यालाही माहीत नाही.