‘नीट’ साहेबाने दिलेला नाही

एक फॉरवर्ड दर सहा महिन्यांनी फिरून येतो: ‘नीट’ आणि ‘नेटका’ हे आपले शब्दच नव्हेत, इंग्रजी ‘नीट’वरून आले, साहेब येण्याआधी मराठीत टापटिपीला शब्द नव्हता.

आधी काळ बघा. ‘आधीं प्रपंच करावा नेटका’ ही दासबोधाच्या बाराव्या दशकाची पहिलीच ओळ. समर्थांनी देह ठेवला १६८२च्या सुरुवातीला. मुंबई ईस्ट इंडिया कंपनीच्या ताब्यात येऊन तेव्हा जेमतेम तेरा वर्षं झाली होती. बेटावरच्या त्या मूठभर गोऱ्यांकडून शब्द उचलून समर्थांनी ओवीत बसवला, असं म्हणायचं असेल तर म्हणा बापडे.

‘पण उच्चार तोच, अर्थ तोच!’ असू दे की. ‘बदनाम’मधला फारसी ‘बद’ आणि इंग्रजी ‘बॅड’ यांचाही अर्थ एकच, नातं मात्र काही नाही. इंग्रजी ‘नीट’ फ्रेंचमार्गे लॅटिन ‘नितिदुस’कडून आला, त्याचा अर्थ चकचकीत. पाकिटावरचं ‘नेट वजन’ हे त्याचं खरं भावंड. आपल्या ‘नीट’चा जीव चकाकीत नाही, सरळपणात आहे. ‘नीट पुढे जा, मग डावीकडे वळ.’ ‘तब्येत नीट नाही.’ आई ‘नीट बोल’ म्हणून डोळे वटारते, तेव्हा तिला टापटीप नको असते. यातल्या एकाही जागी साहेबाचा शब्द बसवून दाखवा.

शिवाय ‘नेटका संसार, नेटकी बाई, नेटकं घर’ असा तो लिंगाप्रमाणे बदलतो. उसने ‘टाइट’, ‘स्मार्ट’ कसे ताठ राहतात, बघा. आणि ‘नीटस’? नीटस नाक, नीटस बांधा. हल्ली फारसा कानावर येत नाही, पण घडण ‘लोभस’, ‘गोंडस’ यांच्याच पंगतीतली.

शब्दच नव्हता म्हणे! ठाकठीक, निगुतीनं केलेला स्वयंपाक, चापूनचोपून नेसलेलं लुगडं, पुरे.

याला उत्तर म्हणून काही अभिमानी मंडळी उलट सांगतात की इंग्रजांनीच ‘नीट’ आपल्याकडून नेला. तेही खोटं. सुरतेची वखार १६१३ची. इंग्रजीत तो शब्द सोळाव्या शतकातच होता.

एक ‘नीट’ मात्र नक्की साहेबाचा: सोडा-पाणी न घालता ग्लासात घेतात तो. तो चढल्यावर माणसाला नीट चालता येत नाही, तिथला ‘नीट’ आपला.