हँडल वाकडं, चाक सरळ

सायकलचं हँडल सैल झालं की घरातला कर्तबगार माणूस वर दिसणारा बोल्ट पकडीनं आवळायला घेतो. पक्कड घसरते, बोल्टचे सहा कोपरे गोल होतात आणि हँडल होतं तसंच डुगडुगत राहतं. वर त्या बोल्टला आता कुठलाच पाना बसत नाही. पकडीला सायकलच्या आसपास फिरकू देऊ नये, हे माझं ठाम मत आहे. पण त्याहूनही आधी, हँडल सैल म्हणजे नेमकं कुठे सैल, हे बघावं. दुखणी तीन आहेत आणि तिघांचे बोल्ट वेगवेगळे.

तपासणी अशी. पुढचं चाक दोन्ही गुडघ्यांत धरून हँडल डावी-उजवीकडे पिळायचं. (या अवस्थेत आपण कसे दिसतो याची काळजी करू नये. पार्किंगमध्ये ती करायला शेजारी असतात.) चाक जागेवर राहून हँडल फिरलं, तर हँडलला खाली सायकलशी जोडणारी दांडी सैल आहे. मग दोन्ही मुठींवर भार टाकायचा. हँडल जागच्या जागी खाली लोळलं, तर त्याला धरणारा क्लॅम्प सैल. शेवटी पुढचा ब्रेक दाबून सायकल पुढे-मागे ढकलायची आणि एक बोट फ्रेम व चिमटा (पुढचं चाक धरणारा दोन पायांचा भाग) यांच्या सांध्यावर ठेवायचं. तिथे टकटक जाणवली तर हँडल निर्दोष, गुन्हा आतल्या छर्ऱ्यांच्या वाट्यांचा.

जुन्या धाटणीच्या काळ्या रोडस्टर सायकलीपासून पोरांच्या बऱ्याचशा स्वस्त सायकलींपर्यंत हँडलची दांडी चिमट्याच्या नळीत उतरलेली असते. दांडीच्या बुडाशी तिरका कापलेला किंवा शंकूसारखा एक गुटका असतो. वरचा लांब बोल्ट आवळला की तो वर ओढला जातो आणि दांडी नळीत आतून घट्ट फसते. खरी गंमत सोडवताना येते. बोल्ट सैल केला तरी गुटका सुटत नाही; सरकारी जागेत राहणाऱ्या जुन्या भाडेकरूसारखा तिथेच बसून राहतो. माणूस हँडल ओढतो, ते हलत नाही, म्हणून बोल्ट आणखी सोडतो, आणि अखेर अख्खा बोल्ट हातात येतो. गुटका नळीतच राहतो आणि मग सायकल उलटी करून तिला हलवत बसायची पाळी येते.

योग्य रीत म्हणजे बोल्ट तीन-चार फेरेच सोडायचा, डोकं ४-५ मिलिमीटर वर येईल इतका. त्यावर लाकडाचा तुकडा ठेवून हातोडीनं एक नेमका ठोका द्यायचा. बोल्ट ‘टक्’ करून खाली बसला की गुटका सुटला. लाकूड नसेल तर ठोका नको, लोखंडाखाली बोल्टचं डोकं पसरतं. दांडी बाहेर काढून गंज पुसायचा, नळीत जाणाऱ्या भागावर आणि बोल्टच्या आट्यांवर ग्रीसचा पातळ हात द्यायचा. ग्रीस लावल्यानं दांडी सैल होईल ही भीती खोटी आहे. न लावल्यास दोन-तीन पावसाळ्यांत ती नळीशी कायमचा संसार थाटते.

हँडल सरळ करायला फरशी फार उपयोगी. चाक एका सांध्याच्या रेषेवर उभं करायचं आणि हँडल आडव्या रेषेला समांतर आलं का ते वरून एक डोळा मिटून बघायचं. मग आवळायचं. दांडीवर एक आडवी रेघ असते, ती नळीबाहेर दिसता कामा नये. पोरगं उंच झालं म्हणून हँडल त्या रेघेच्या वर चढवणाऱ्यांनी पोराची उंची मोजावी आणि नवी सायकल घ्यावी. दांड्यांच्या ब्रेकची सायकल असेल तर आणखी एक फजिती: हँडल वर घेतलं की ब्रेकची दांडीही वर ओढली जाते आणि पुढचा ब्रेक आपोआप लागतो. ती दांडीही पुन्हा जुळवावी लागते.

नव्या गिअरच्या सायकलींत मामला उलटा. वर टोपीवर एक बोल्ट दिमाखात बसलेला असतो आणि सगळे त्यालाच आवळतात. त्याचं काम फक्त छर्ऱ्यांवर बेताचा दाब आणणं. हँडल धरतात ते दांडीच्या बाजूचे दोन बोल्ट. म्हणून आधी बाजूचे दोन्ही सैल करायचे, टोपीचा बोल्ट टकटक थांबेपर्यंतच फिरवायचा, हँडल सरळ करायचं, आणि मग बाजूचे दोन्ही आलटून-पालटून थोडेथोडे आवळायचे. टोपी जास्त कसली की हँडल जड होतं आणि वळणावर सायकल आपलं ऐकत नाही. किती आवळायचं ते बहुधा दांडीवरच छापलेलं असतं, अनेकदा ५ न्यूटन-मीटर. घरच्या भाषेत, १० सेंटिमीटर लांब अ‍ॅलन चावीच्या टोकाला ५ किलो तांदळाची पिशवी टांगल्याएवढा जोर. पुढे क्लॅम्पला चार बोल्ट असतील तर ते तिरपे-तिरपे, वरची-खालची फट सारखी ठेवून आवळायचे. क्लॅम्पच्या आत ग्रीस अजिबात नाही, तिथे घर्षणावरच सगळं चालतं.

घरपोच आलेली अर्धवट जोडलेली सायकल असेल तर चिमटा उलटा नाही ना, हे आधी बघा. रिमवर घासणारे पुढचे ब्रेक चिमट्याच्या मागे, फ्रेमच्या बाजूला आले असतील तर तो उलटा आहे; डिस्क ब्रेकला मात्र ही खूण लावू नये. अशा सायकलीचं हँडल डोळ्यांना सरळ दिसतं, त्यामुळे अख्खं कुटुंब टाळ्या वाजवतं आणि पोराचा पाय वळणावर चाकाला लागतो.

राहता राहिल्या फिरणाऱ्या मुठी. आत तेल सोडून त्या चढवण्याचा सल्ला देणारा एक तरी गृहस्थ कट्ट्यावर असतोच. त्याला चहाला पाठवावं. मूठ काढायला साबणाचं पाणी चालतं, पण चढवताना नळी कोरडी पुसून तिच्यावर केसांचा स्प्रे मारायचा आणि ओला असतानाच मूठ सरकवायची. सुकला की ती चिकटते. रात्रभर सायकलला हात लावायचा नाही, आणि स्प्रेची बाटली कुणाची आहे ते विचारून मगच घ्यायची.