फ्री डिशवर हे कोण दाखवणार?

नॉर्वेची एनआरके ही वाहिनी जनतेच्या पैशावर चालते. २०१५ साली तिच्या 'न्यूटन' या मुलांच्या विज्ञान कार्यक्रमात वयात येण्यावर मालिका झाली. निवेदिका स्वतः डॉक्टर. पाळी, स्तन, लिंग, संभोग, सगळं ती शाळकरी पोरांना सरळ सांगते. टीव्ही २ ही जाहिरातींवर जगणारी वाहिनी १९९२पासून स्पर्धेत आहे, तरी एनआरकेला जाहिरातदाराचं तोंड पाहावं लागत नाही.

गडचिरोलीतल्या आरमोरीकडच्या आमच्या घरी फोनवर हे सांगितलं की उत्तर येतं, "तुमच्याकडचं तुमच्याकडं. आपल्या पोरींले हे कायले पाहिजे?" २००७मध्ये महाराष्ट्रानं शाळांतलं लैंगिक शिक्षण थांबवलं, तेव्हाही सूर हाच होता.

मला तो अजिबात मान्य नाही, आणि त्यासाठी नॉर्वेचा दाखला लागत नाही. डॉ. राणी आणि अभय बंग यांनी गडचिरोलीतल्या दोन गावांत ६५० बायका तपासल्या. ९२ टक्के बायकांना स्त्रीरोग किंवा लैंगिक आजार निघाला. त्याआधी कधी तपासणी झालेल्या जेमतेम ८ टक्के. 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात हे १९८९ साली छापून आलं. आमच्या आया-मावश्या वर्षानुवर्षं अंगावर काढत होत्या. पुढे राणीताईंनी मुलामुलींसाठी वयात येण्याबद्दलची 'तारुण्यभान' शिबिरं घेतली, ती याच जिल्ह्यात. मग आपल्या संस्कृतीत हे बसत नाही, असं कोणत्या तोंडानं म्हणायचं?

शिबिर गावोगाव पोचत नाही, टीव्ही पोचतो. दूरदर्शनच्या फ्री डिश या छत्रीवरच्या सेवेला महिन्याचे पैसे नाहीत, म्हणून ती गरिबाघरीही दिसते. पण तिच्यावरच्या जागा खाजगी वाहिन्या लिलावात घेतात, आणि संध्याकाळ मालिकांची होते. तिथे पाळी चुकली की पेढे येतात. दिवस कसे राहतात, कसे टाळता येतात, हे कुणी बोलत नाही. जाहिरातीवर चालणाऱ्यांकडून ती अपेक्षाही मी ठेवत नाही. दूरदर्शनकडून ठेवते. २०१४मध्ये 'मैं कुछ भी कर सकती हूँ' ही डॉक्टर नायिकेची मालिका त्यांनीच दाखवली होती, पण ती मुळात हिंदीत.

आम्हाला तशी मालिका आमच्या झाडीबोलीत हवी, भामरागडकडे तिथल्या आदिवासींच्या माडियात हवी, जिथे आजही पाळीतल्या बाईला कुर्माघरात, म्हणजे वेगळ्या झोपडीत, राहावं लागतं. नट शोधायला मुंबईला जायची गरज नाही. वडशाच्या नाटक कंपन्यांचे कलावंत रात्रभर अख्ख्या गावाला, बायकापोरांसकट, बसवून ठेवतात. दूरदर्शनच्या नागपूर केंद्रानं त्यांना बोलवावं, सोबत एक डॉक्टरीणबाई द्यावी आणि रात्री आठची वेळ द्यावी.