कॉर्नफ्लेक्स बदनाम, केलॉग मोकळा

नववीतल्या एका मुलाने तास संपल्यावर मला एकट्याला गाठून विचारलं, "सर, कॉर्नफ्लेक्स किती दिवस खाल्ले की ती सवय सुटते?" किशोरवयीन मुलांशी शरीराबद्दल मोकळेपणाने बोलणं हे माझं काम आहे, त्यामुळे 'ती सवय' म्हणजे कोणती हे विचारावं लागलं नाही. त्याच्या मोबाइलवर एक मेसेज आला होता. मोठी माणसं जो मेसेज हसून पुढे ढकलतात, तो त्याने उपाय म्हणून वाचला होता.

मेसेज तुम्हीही पाहिला असेल. त्यात म्हटलेलं असतं की अमेरिकेतल्या डॉ. केलॉगने कॉर्नफ्लेक्स शोधले ते हस्तमैथुन थांबवण्यासाठी. हा केलॉग म्हणजे वैद्यकाचा गंध नसलेला धर्मवेडा. त्याने कंपनी काढली आणि याच दाव्यावर माल खपवला. त्या काळी विज्ञान मानणारे डॉक्टर एका बाजूला होते आणि अंधश्रद्ध पंथवाले दुसऱ्या. म्हणून धर्मवाल्यांनी सांगितलेल्या आहारविचारात काडीचं तथ्य नाही. यातलं एकेक विधान घेतो.

"कॉर्नफ्लेक्स हस्तमैथुन थांबवण्यासाठी शोधले."

ही समजूत कुठून आली ते आधी सांगतो, कारण ती हवेतून आलेली नाही. जॉन हार्वी केलॉगने १८७७ मध्ये लैंगिक जीवनावर एक पुस्तक छापलं आणि पुढे त्याच्या वाढवलेल्या आवृत्त्या काढल्या. हस्तमैथुनामुळे माणूस शरीराने आणि मनाने कसा खंगत जातो, याची भीती त्यात पानंच्या पानं घातलेली आहे. मसाले, मांस, चहा-कॉफी यांनी वासना चाळवते, म्हणून साधं अन्न खावं, असाही सल्ला आहे. इथवर मेसेजवाले बरोबर आहेत. पण फ्लेक्स तयार झाले १८९४ मध्ये, तेही गव्हाचे. मक्याचे त्यानंतर काही वर्षांनी आले. पुस्तक आणि फ्लेक्स यांच्यात १७ वर्षांचं अंतर आहे. एकाच माणसाने केलेल्या दोन गोष्टी कुणीतरी एकमेकींना जोडल्या आणि मधे 'म्हणून' हा शब्द घातला.

फ्लेक्स कशासाठी केले, हे केलॉगने स्वतःच कागदावर लिहून ठेवलं आहे. पेटंटचा अर्ज मे १८९५ मध्ये केला, पेटंट एप्रिल १८९६ मध्ये मिळालं. हेतू असा नोंदवला आहे: पुन्हा न शिजवता सहज पचेल, पौष्टिक असेल आणि चवीला बरं लागेल असं अन्न, आजारी आणि आजारातून उठलेल्या माणसांना विशेष मानवणारं. वासनेचा त्यात कुठे उल्लेख नाही. आणि 'मुद्दाम बेचव केले' असं जे म्हणतात, त्याच्या उलट 'चवीला बरं' हेच तिथे लिहिलं आहे.

केलॉगचा खरा शत्रू होता अपचन. एकोणिसाव्या शतकातल्या अमेरिकन माणसाची न्याहारी म्हणजे खारवलेलं डुकराचं मांस, तळलेले पदार्थ, कॉफी. पोटदुखी, गॅस आणि बद्धकोष्ठ घेऊन माणसं मिशिगन राज्यातल्या बॅटल क्रीक गावी त्याच्या आरोग्यधामात येत. धान्य नीट भाजलं की पिठूळ भागाचं डेक्स्ट्रिन, म्हणजे पचायला हलकं रूप होतं आणि पोटावरचा भार हलका होतो, असं त्याचं मत होतं. आधी तो दोनदा भाजलेला कडक पाव रुग्णांना चावायला लावायचा. एका म्हातारीची कवळी त्या पावाने मोडली आणि तिने दहा डॉलर भरपाई मागितली, हा किस्सा तो स्वतः सांगत असे. दातांना त्रास न देणारं भाजलेलं धान्य हवं, या खटपटीत त्याची पत्नी एला, धाकटा भाऊ विल आणि तो स्वतः असे तिघं होते. शिजवलेला गहू तसाच राहून गेला, नंतर रुळांतून काढला, तर पोळीसारखा सलग न येता दाण्यादाण्याची वेगळी चकती झाली. ठेवल्यामुळे ओल दाण्यात सगळीकडे सारखी मुरली होती. आपल्याकडे पोहे करताना भिजवलेलं भात मुरू देतात, त्याच्याच जवळचं हे तंत्र. एलाचं नाव या गोष्टीत सहसा येत नाही, पण आरोग्यधामाचं प्रयोगाचं स्वयंपाकघर ती चालवत होती आणि १८९२ मध्ये पाकशास्त्रावरचं तिचं जाडजूड पुस्तक निघालं होतं.

अन्न आणि वासना यांची सांगड घालणारा माणूस शोधायचाच असेल, तर साठ वर्षं मागे जावं लागेल. सिल्व्हेस्टर ग्रॅहॅम हा अमेरिकेतला, प्रेस्बिटेरियन या ख्रिस्ती पंथाचा धर्मोपदेशक. मैदा नको, कोंड्यासकट दळलेल्या कणकेचा पाव खा, मांस आणि दारू सोडा, हे तो गावोगाव व्याख्यानांतून सांगायचा. तरुणांच्या ब्रह्मचर्यावरचं त्याचं व्याख्यान १८३४ मध्ये छापलं गेलं, आणि उत्तेजक अन्न व वासना यांचा संबंध त्यात थेट सांगितला आहे. केलॉगने ही कल्पना त्याच परंपरेतून उचलली. पण ग्रॅहॅम वारला १८५१ मध्ये. केलॉगचा जन्म १८५२ चा.

"त्याने कंपनी काढली आणि हाच दावा जाहिरातीत केला."

कंपनी काढली विलने, १९०६ मध्ये. डॉक्टर भावाला न रुचणारी साखर मक्याच्या फ्लेक्समध्ये घातली तीही त्यानेच. मग 'केलॉग' हे नाव कोणाचं, यावरून भाऊ कोर्टात गेले आणि १९२० मध्ये मिशिगनच्या सर्वोच्च न्यायालयाने विलच्या बाजूने निकाल दिला. जाहिरातींचं म्हणाल, तर १९०७ मध्ये न्यूयॉर्कमधल्या बायकांना कंपनीने सांगितलं होतं की किराणावाल्याला डोळा मारा आणि काय मिळतं ते बघा. डोळा मारणाऱ्या गिऱ्हाइकाला नमुन्याचं खोकं फुकट. वासना दाबायला निघालेल्या कंपनीने अशी जाहिरात केली असती का? हेच कॉर्नफ्लेक्स १९९४ मध्ये आपल्याकडे आले, तळोज्याच्या कारखान्यातून. तेव्हाही ते न्याहारी म्हणूनच विकले गेले.

"केलॉगला वैद्यकाचा गंध नव्हता."

१८७५ मध्ये न्यूयॉर्कच्या बेलव्ह्यू हॉस्पिटल मेडिकल कॉलेजातून तो एम. डी. झाला. त्या काळी अमेरिकेतल्या चांगल्या वैद्यकीय शिक्षणसंस्थांत तिची गणना होई. पुढे तो मोठा शल्यविशारद झाला आणि मिशिगनच्या सरकारी आरोग्य मंडळावर बसला. तो भोंदू असता तर गोष्ट सोपी होती. तो पदवीधर, अभ्यासू डॉक्टर होता आणि तरीही त्याने ते पुस्तक लिहिलं, ही यातली अवघड गोष्ट आहे.

"विज्ञान मानणारे डॉक्टर एका बाजूला, अंधश्रद्ध पंथवाले दुसऱ्या."

मला सगळ्यात जास्त खटकतं ते हे विधान. हस्तमैथुनाने वेड लागतं, क्षय होतो, दृष्टी जाते, ही भीती युरोप-अमेरिकेत सर्वदूर पसरवण्यात डॉक्टरांचाच मोठा हात होता. स्वित्झर्लंडमधल्या लोझानचा वैद्य तिसो याने १७६० मध्ये त्यावर फ्रेंचमध्ये ग्रंथ लिहिला आणि तो देशोदेशी वाचला गेला. अमेरिकेच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यावर सही करणारे, तिथल्या मनोविकारशास्त्राचे जनक म्हणवले जाणारे बेंजामिन रश यांनी १८१२ च्या ग्रंथात वेडाच्या कारणांमध्ये हस्तमैथुनाला जागा दिली. अमेरिकेतल्याच वूस्टरच्या सरकारी वेड्यांच्या इस्पितळाचे प्रमुख सॅम्युअल वुडवर्ड यांनी १८३० च्या दशकात तेच सांगितलं, आणि १८४४ मध्ये इस्पितळप्रमुखांची देशव्यापी संघटना स्थापन झाली तेव्हा पहिले अध्यक्ष तेच झाले. न्यूयॉर्कचे लुइस सेयर, जननेंद्रिय चाळवल्याने लुळेपणा येतो असं मानून, त्यावर मुलांची सुंता हा उपचार म्हणून करू लागले, १८७० मध्ये. दहा वर्षांनी ते अमेरिकन मेडिकल असोसिएशनचे अध्यक्ष होते. यांच्यापैकी कुणी पंथाचा प्रचारक म्हणून हे लिहिलं नाही. ते वैद्यकाच्या मुख्य रस्त्यावरचे लोक होते.

आणि तो मुख्य रस्ता कसा होता? ताप आला की शीर कापून रक्त काढायचं, पोट बिघडलं की कॅलोमेल द्यायचं. कॅलोमेल म्हणजे पाऱ्याचा क्षार. त्याने लाळ गळायची, हिरड्या सडायच्या, दात पडायचे. १८३२ मध्ये न्यूयॉर्कात पटकीने, म्हणजे कॉलऱ्याने, सुमारे ३,५०० माणसं गेली, तेव्हाही पटकीच्या रोग्याला कॅलोमेल पाजलं जात होतं. अमेरिकेतल्या यादवी युद्धाच्या काळात लष्कराचे सर्जन-जनरल विल्यम हॅमंड यांनी मे १८६३ मध्ये कॅलोमेल लष्करी औषधांच्या यादीतून काढलं, तर डॉक्टरच त्यांच्यावर तुटून पडले.

पुढच्याच महिन्यात, जून १८६३ मध्ये, मिशिगनमधल्या ऑट्सेगो गावी एलन व्हाइट या बाईंना प्रार्थनेच्या वेळी दृष्टान्त झाला, असं त्यांचे अनुयायी मानतात. सेव्हन्थ-डे ॲडव्हेंटिस्ट हा शनिवार पाळणारा ख्रिस्ती पंथ त्याच वर्षी रीतसर स्थापन झाला होता. दृष्टान्तातून निघालेला उपदेश असा होता: औषधी विषं टाळा, स्वच्छ हवा, पाणी, ऊन, व्यायाम आणि विश्रांती घ्या, तंबाखू आणि दारू सोडा, मांस कमी करा. यातलं फारसं काही नवीन नव्हतं. ग्रॅहॅमचे अनुयायी आणि पाण्याचे उपचार करणारे लोक हेच सांगत होते. न्यूयॉर्क राज्यातल्या डॅन्सव्हिलला जेम्स जॅक्सन यांनी असंच उपचारगृह चालवलं होतं आणि भिजवल्याशिवाय चावता न येणारं भाजक्या कणकेचं खाणं १८६३ मध्येच बनवलं होतं. पण १८६३ मधल्या एखाद्या आजारी बाईला विचारा: पारा घेऊ की ऊन आणि पाणी? देवाच्या नावाने सांगितलेलं दुसरं उत्तर तिच्या जिवाला कमी धोक्याचं होतं.

एलन व्हाइट यांना मी पाठीशी घालत नाही. त्यांनीही १८६४ मध्ये आयांसाठी हस्तमैथुनाच्या भीतीची पुस्तिका काढली होती, आणि केसांचे टोप घातल्याने मेंदूवर परिणाम होतो असंही त्यांच्या नावावर छापलेलं आहे. म्हणजे उपासनामंदिर आणि दवाखाना या दोन्हीकडे एकाच भीतीचं राज्य होतं. केलॉग दोन्हीकडे वाढला. बाराव्या वर्षी व्हाइट पतिपत्नींच्या छापखान्यात तो आरोग्यावरच्या मजकुराचे खिळे जुळवायचा. पंथाने १८६६ मध्ये बॅटल क्रीकला उपचारगृह उघडलं, आणि २४ व्या वर्षी, १८७६ मध्ये, तो त्याचा प्रमुख झाला. पुढे संस्थांवर सत्ता कुणाची आणि देवाचं स्वरूप काय, यावरून बिनसलं आणि १९०७ मध्ये पंथाने त्याला काढून टाकलं. कॉर्नफ्लेक्स दुकानात दिसू लागले तेव्हा पंथाचं आणि त्याचं फाटत आलं होतं.

"त्या आहारविचारात काडीचं तथ्य नाही."

कॅलिफोर्नियातल्या लोमा लिंडा इथे याच पंथाचं विद्यापीठ आहे. तिथल्या संशोधकांनी १९५८ पासून ॲडव्हेंटिस्ट लोकांच्या आरोग्याचा मागोवा घेतला आहे. २००२ मध्ये सुरू झालेल्या अभ्यासात अमेरिका आणि कॅनडातले सुमारे ९६,००० लोक आहेत. कॅलिफोर्नियातल्या आधीच्या अभ्यासात ॲडव्हेंटिस्ट पुरुष इतर गोऱ्या पुरुषांपेक्षा ७.३ वर्षं आणि स्त्रिया ४.४ वर्षं जास्त जगताना दिसल्या. याचं सगळं श्रेय भाजीपाल्याला देऊ नये. हे लोक सिगारेट ओढत नाहीत, दारू पीत नाहीत, आठवड्यातून एक दिवस खरोखर विसावा घेतात, एकमेकांना धरून राहतात. पुण्यातल्यांना स्पायसर कॉलेज ठाऊक असेल. ते याच पंथाचं. तंबाखूबद्दल हे लोक एकोणिसाव्या शतकात बरोबर होते, आणि त्यानंतर कित्येक दशकांनीही अमेरिकेतले डॉक्टर सिगारेटच्या जाहिरातींत झळकत होते.

आता मेसेज जे सांगत नाही ते. केलॉगने त्या पुस्तकात मुलग्यांची सुंता भूल न देता करावी असं लिहिलं. वेदनेचा मनावर चांगला परिणाम होतो, शिक्षेची भावना त्याला जोडली तर जास्तच, हे त्याचं कारण. मुलींच्या जननेंद्रियावर कार्बोलिक ॲसिड हे कातडी भाजणारं रसायन लावणं उत्तम उपाय आहे, हे त्याने स्वतःच्या अनुभवाचा दाखला देऊन लिहिलं. सज्ञान डॉक्टरने लहान मुलांच्या शरीराला दुखापत करायला सांगितली, आणि ते पुस्तक घरोघर गेलं. कॉर्नफ्लेक्सची गोष्ट गमतीची वाटते म्हणून फिरते आणि ही पानं वाचली जात नाहीत.

आपल्या एसटी स्टँडांच्या भिंतींवर 'धातुदुर्बलता', 'गुप्तरोग' रंगवलेलं मी लहानपणापासून बघतो. वीर्याच्या एका थेंबाला रक्ताचे अमुक थेंब लागतात, हे आजही मुलं मला गंभीरपणे सांगतात. नववीतल्या त्या मुलाला मी बसवून घेतलं आणि सांगितलं की हे शरीराचं साधं वागणं आहे, त्याने वेड लागत नाही, आंधळेपणा येत नाही, अशक्तपणा येत नाही. आणि कॉर्नफ्लेक्स आवडत असतील तर दुधात घालून खा. मग तो म्हणाला, "म्हणजे त्या डॉक्टरचं चुकलंच होतं?" हो, चुकलं होतं. आणि एवढ्यावर थांबलं नाही. १९१४ च्या जानेवारीत त्याने बॅटल क्रीकला वंशसुधारणेची परिषद भरवली, नंतर १९१५ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत आणि १९२८ मध्ये पुन्हा बॅटल क्रीकला. कुणी मुलं जन्माला घालावीत आणि कुणी घालू नयेत हे ठरवणाऱ्यांचं ते व्यासपीठ होतं, आणि मनोदुर्बल ठरवलेल्या माणसांची सक्तीने नसबंदी करण्याचा कायदा मिशिगनने पहिल्या परिषदेच्या आदल्याच वर्षी, १९१३ मध्ये, केलेला होता.