सामुराईंनी बंदूक नाकारली, हे खरं नाही

"सामुराई बंदुकीला भ्याडाचं हत्यार मानत. त्यांनी तिला कधी हात लावला नाही आणि तलवार उपसूनच ते संपले." जपानच्या जुन्या योद्ध्यांबद्दलचा, म्हणजे सामुराईंबद्दलचा, हा मजकूर चिलखती चित्रांसकट सगळीकडे फिरतोय. वाचायला छान वाटतो, पण त्यातलं जवळपास काहीच टिकत नाही.

हात लावला नाही? १५४३ साली एका चिनी जहाजातून पोर्तुगीज जपानच्या तानेगाशिमा बेटावर उतरले. तिथल्या तरुण सरदारानं, तोकिताकानं, त्यांच्याकडून दोन तोड्याच्या बंदुका विकत घेतल्या आणि लगेच लोहाराला नकलेच्या कामाला लावलं. नळी जमली, पण तिचं मागचं तोंड बंद करायला आट्यांचा स्क्रू लागतो आणि आतून आटे पाडणं लोहाराला जमेना. ते तोंड कच्चं राहिलं तर बार उडवणाऱ्याचाच चेहरा जायचा. बेटाची बखर सांगते की पुढच्या वर्षी जहाजातून आलेल्या परदेशी लोहाराकडून ही विद्या शिकून घेतली. नाकारायचीच असती, तर इतकी खटपट कोण करेल? पुढे साकाई आणि कुनितोमो ही गावं बंदुकांसाठीच नावाजली.

१५७५ च्या नागाशिनोच्या लढाईत ओदा नोबुनागा या बड्या सरदारानं लाकडी कुंपणामागे बंदूकधारी उभे करून प्रतिस्पर्धी सरदार ताकेदा कात्सुयोरीची फौज मोडली. तीन हजार बंदुकांच्या तीन रांगा आळीपाळीनं बार काढत होत्या, ही गोष्ट नंतरच्या लेखनातली आहे आणि अनेक इतिहासकार ती मानत नाहीत. पण ताकेदांकडेही बंदुका होत्या, हे मात्र कुणी सांगत नाही.

यावर उत्तर येतं की बंदुका हलक्या शिपायांच्या हाती असत, खानदानी योद्धे त्यांना शिवत नसत. मग १५९८ साली कोरियाच्या मोहिमेवरून आसानो युकिनागानं वडिलांना लिहिलेल्या पत्राचं काय करायचं? माणसं पाठवाल तेव्हा जास्तीत जास्त बंदुका द्या आणि सामुराईंनासुद्धा बंदूक बाळगायला लावा, अशी त्याची मागणी आहे. रणांगणात उभ्या असलेल्या सरदाराचा हा शब्द मला कुठल्याही चित्रापेक्षा मोलाचा वाटतो.

तलवारीचं म्हणाल, तर जुन्या योद्ध्याची ओळख धनुष्य आणि घोडा ही होती. पुढे भाल्याला महत्त्व आलं. तलवार कमरेला असे, ती अंगावर आलेल्या शत्रूसाठी.

पुढे जपानवर राज्य करणाऱ्या तोकुगावा घराण्यानं बंदूक सोडून दिली, हेही अर्धवट आहे. लढाया थांबल्या, कारखान्यांवर सत्तेचा ताबा आला आणि मागणी घटली. पण सरदारांच्या शस्त्रागारांत बंदुका राहिल्या. रानडुकरं हाकायला खेड्यापाड्यांतही त्या असत.

राहिलं १८७७ चं, दक्षिण जपानातल्या सात्सुमा प्रांतातल्या सामुराईंचं सरकारविरुद्धचं बंड, 'शेवटच्या सामुराईं'चं म्हणून गाजलेलं. सरकार तिथल्या कागोशिमा शहरातला दारूगोळा हलवतंय हे कळताच बंडाचा नेता साइगो ताकामोरीच्या शाळांमधल्या तरुणांनी शस्त्रागारावरच धाड घातली. बंडाला तोंड फुटलं ते तिथे. बंडखोरांची फौज रायफली आणि तोफा घेऊन निघाली. ताबारुझाकाच्या लढाईत पावसानं त्यांच्या तोंडाकडून ठासायच्या बंदुका भिजून निकामी होऊ लागल्या, आणि सप्टेंबरात शिरोयामा टेकडीवर वेढलं गेल्यावर दारूगोळा जवळपास संपला होता. शेवटी तलवारीवर वेळ आली ती यामुळे.