‘स्कॅन झालं, आता रीळ फेका’ हा सल्ला ऐकू नका

ऐतिहासिक माहितीपट करणाऱ्यांमध्ये एक सल्ला फिरतो आहे: जुनी फिल्म एकदा स्कॅन करा, एमपी४ फाइल हार्ड डिस्कवर ठेवा, रीळ फेकून द्या, चित्र कमी पडलंच तर एआय आहे. आणि व्हिनेगरचा वास येत असेल तर रीळ गेलंच समजा.

वासापासूनच सुरुवात करू. फिल्मच्या अ‍ॅसिटेट बेसमधून, म्हणजे चित्राचा थर ज्यावर असतो त्या प्लॅस्टिकच्या पट्टीतून, अ‍ॅसेटिक आम्ल सुटू लागलं की तो वास येतो. घट्ट डब्यात कोंडलेलं हे आम्लच पुढची झीज वाढवतं, शेजारच्या रिळांनाही लागतं. म्हणून असं रीळ आधी वेगळं काढायचं, थंड आणि कोरड्या जागी ठेवायचं, स्कॅनिंगच्या रांगेत पहिलं लावायचं. आकुंचन मोजायला फूटपट्टी पुरते. १६ मिमीच्या नव्या प्रिंटवर १०० फ्रेमची लांबी ७६२ मिमी असते. ती ७५४ च्या आसपास भरली तर आकुंचन १ टक्का झालं. मग दातेरी चक्राच्या मशीनवर चढवू नका, छिद्रं फाटतील. दात्यांशिवाय फिल्म ओढणारा स्कॅनर लागतो. वासाच्या रिळातूनही उत्तम चित्र निघतं, फक्त वाट पाहायची सोय नसते.

एमपी४ पाहायला ठीक, मास्टर म्हणजे जपायची मूळ प्रत म्हणून नाही. त्यात बहुधा ८ बिट रंग, म्हणजे मोजक्याच छटा असतात, फिल्मचं ग्रेन (चित्रातले बारीक कण) कॉम्प्रेशनमध्ये चोळामोळा होतं, आणि ग्रेडिंगला, म्हणजे रंग-उजेड जुळवायला बसलं की आकाशात पट्टे उमटतात. १० बिट डीपीएक्समध्ये (प्रत्येक फ्रेमची वेगळी चित्रफाइल ठेवणारा प्रकार) ३५ मिमीची पूर्ण ४के फ्रेम सुमारे ५१ एमबी होते. सेकंदाला २४ फ्रेम धरल्या तर १० मिनिटांना साधारण ७३५ जीबी. आकडा घाबरवतो, कबूल. १६ मिमीला बहुतेकदा २के पुरतं, तिथे हे पाव होतं. शिवाय एफएफव्ही१ हे व्हिडिओ कॉम्प्रेशन आकार कमी करतं आणि एक पिक्सेलही गमावत नाही. मूकपटाच्या काळातलं चित्रण १६ किंवा १८ फ्रेमचं असू शकतं. फिल्मच्या एका फ्रेमला फाइलमध्ये एकच चित्र ठेवा, वेग एडिटिंगमध्ये लावा. स्कॅन करतानाच २५ चं करून घेतलं तर दुप्पट झालेल्या फ्रेम शोधत बसावं लागतं.

‘हार्ड डिस्कवर कायम’? न वापरता ठेवलेली डिस्कही एक दिवस सुरूच होत नाही. तीन प्रती ठेवा, त्यातली एक दुसऱ्या गावी, आणि चेकसम (फाइल बदलली का ते सांगणारा, तिच्यावरून काढलेला आकडा) वर्षातून एकदा ताडून पाहा. डेटा साठवायची एलटीओ टेपही या काळजीतून सुटत नाही, तिच्या पिढ्या बदलतात: एलटीओ-८ च्या ड्राइव्हला एलटीओ-६ वाचता येत नाही.

एआय तपशील परत आणत नाही, नवे काढतं. पाटीवरची पुसट अक्षरं त्याने ‘स्पष्ट’ केली की ती पुरावा उरत नाहीत.

एका बाबतीत मात्र जुनं रीळ जवळ ठेवण्याची भीती खरी आहे. १९५० च्या आधीचं ३५ मिमी रीळ नायट्रेटचं, म्हणजे ज्वालाग्राही बेसचं असू शकतं, आणि ते पेटलं तर पाण्याखालीही जळतं. तेही कचऱ्यात टाकायचं नसतं. नायट्रेट हाताळणाऱ्या संग्रहालयाला कळवायचं.