खिडकीपलीकडचा माणूस

माझे काका गिरगावात एका जाहिरात एजन्सीच्या खिडकीवर बसायचे. पेपरातल्या छोट्या जाहिराती घ्यायचे. शब्दाला पैसे, म्हणून लोक घरूनच मजकूर आवळून आणत: ‘गोदरेज कपाट, उत्तम स्थितीत, विकणे आहे.’ काका त्यातलेही दोन शब्द कापून गिऱ्हाइकाचे पैसे वाचवत. पण आधी नाव-पत्ता विचारत, आणि माणूस गडबडीचा वाटला तर जाहिरात घेतच नसत.

2008 साली प्रणय चुलेट यांनी याच मुंबईतून क्विकर ही छोट्या जाहिरातींची वेबसाइट सुरू केली. जाहिरात फुकट, शब्द हवे तेवढे, वर फोटो. मग टीव्हीवर तशाच दुसऱ्या वेबसाइटचं, ओएलएक्सचं ‘बेच दे’ सुरू झालं. ज्याच्याकडे पेपरात चार ओळी द्यायला पैसे नव्हते, त्यालाही जुनी सायकल विकता आली. ही मोठीच गोष्ट आहे, आणि मी ती मनापासून मानतो. 2015 मध्ये क्विकरची किंमत एक अब्ज डॉलरच्या घरात गेली. ओएलएक्सच्या भारतातल्या धंद्यासाठी कारट्रेड या गाड्यांच्या खरेदी-विक्रीतल्या कंपनीने 2023 साली 537 कोटी रुपये मोजले.

पण फुकट जाहिरातीवर कंपनी जगते कशी? आपल्याकडून काही मिळत नाही. पैसे देतात डीलर, दलाल, जाहिरात वर चढवून घेणारे. मुंबईत खोली शोधून बघा. ‘थेट मालक’ लिहिलेल्या नंबरवर फोन केला की पलीकडे दलालच, आणि अकरा महिन्यांच्या करारावर एक महिन्याचं भाडं त्याचं.

गेल्या वर्षी आईने शिलाई मशीन विकायला एका अ‍ॅपवर टाकलं. साडेचार हजार. दहा मिनिटांत फोन: ‘मावशी, मी लष्करात आहे, बदली झालीय, पैसे आत्ताच पाठवतो.’ क्यूआर कोड आला. आईने स्कॅन करून पिन टाकला. पैसे घ्यायला पिन कधीच लागत नाही, हे तिला कुणी सांगितलं नव्हतं. साडेचार हजार गेले. ‘चुकून झालं, परत करतो’ म्हणत त्याने पुन्हा तेच करायला लावलं. नऊ हजार! मी संध्याकाळी घरी आलो तेव्हा कुठे 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर तक्रार झाली. (फसलात तर पहिल्या तासाभरातच हा नंबर लावा, कृपा करून.) कंपनीचं उत्तर आलं की आम्ही फक्त जागा देतो, व्यवहार तुमचा.

मला हे मान्य नाही. काकांचीही खिडकी फक्त जागाच होती. तरी ते विचारत. कोट्यवधींची कंपनी चॅटमध्ये क्यूआर कोड आला की तिथेच मराठीत, हिंदीत मोठ्या अक्षरांत इशारा देऊ शकते. एकाच नंबरवरून पन्नास ‘मालक’ दिसले तर थांबवू शकते. त्याला पैसा लागतो, माणसं लागतात. वाढीतून आलेला पैसा आधी तिथे जायला हवा होता.

मशीन शेवटी दुसऱ्या मजल्यावरच्या वहिनींनी नेलं. आई मात्र अजूनही अनोळखी नंबर वाजला की फोन माझ्या हातात देते.